वेगळं दिसलं तर मागे फिर

दिवाळीच्या सुट्टीत लेक पुण्याहून घरी आला होता. रात्री अकराला दूध विरजून मी हॉलमध्ये आले तर दिवे बंद आणि हा कॉम्प्युटरसमोर श्वास रोखून बसलेला. पडद्यावर काय, तर एक पांढऱ्या फरश्यांचा लांबलचक बोळ. भिंतीवर जाहिराती, दोन-तीन दारं आणि समोरून चालत येणारा हातात बॅग घेतलेला एक माणूस. ना भूत, ना रक्त!

"आई, हा हॉरर गेम आहे."

"यात भ्यायचं काय? आमच्या जुन्या घरातला परसदाराचा बोळ याहून भीतिदायक होता की!"

पण दहा मिनिटं पाहिलं आणि माझ्याही पोटात गोळा आला. या खेळाचं नाव ‘द एक्झिट ८’. ‘कोताके क्रिएट’ या नावानं गेम बनवणाऱ्या एका जपानी कलाकारानं नोव्हेंबर 2023 मध्ये तो आणला. मोठी कंपनी नाही, अफाट खर्च नाही. जपानमधल्या स्टेशनाखालच्या भुयारी वाटेत तुम्ही अडकलेले असता. कितीही चाला, तोच बोळ पुन्हा समोर येतो. सुटका आठ नंबरच्या दारातून.

नियम अगदी सोपे. बोळात काही वेगळं दिसलं तर लगेच मागे फिरायचं. काहीच वेगळं नसेल तर पुढे जायचं. निर्णय बरोबर आला की पाटीवरचा आकडा एकानं वाढतो, चुकला की पुन्हा शून्य! कधी जाहिरातीतले डोळे तुमच्यावर रोखलेले असतात, कधी तो माणूस उगाच हसत असतो. कधी फरक इतका बारीक, की दोनदा समोरून जाऊनही कळत नाही.

माझ्या सासूबाई जपमाळ घेऊन कोपऱ्यात बसल्या होत्या. त्या एकदम म्हणाल्या, "अरे, त्या दाराची मूठ मधोमध कशी?" लेक उडालाच! त्याला ते दिसलंच नव्हतं. सासूबाईंचं हे नेहमीचंच. फडताळातली वाटी कुणी हलवली तरी त्यांना कळतं. संसार केलेल्या बाईच्या नजरेपुढे जपानी गेम काय टिकणार!

लखनौच्या इमामबाड्यातला भुलभुलैया आम्ही ट्रिपला गेलो तेव्हा पाहिला होता. तिथं वाटा फसवतात. इथं वाट सरळ आहे, फसवतं ते आपलं ‘सगळं ठीकच असेल’ हे वाटणं. अशा ना इथल्या ना तिथल्या, नुसत्या ये-जा करायच्या जागांना इंग्रजीत ‘लिमिनल’ म्हणतात, असं लेकानं सांगितलं. शब्दकोश काढला तर मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ निघाला उंबरठा. या गेमवर गेन्की कावामुरा यांनी सिनेमाही केला. 2025 च्या कान महोत्सवात तो मध्यरात्रीच्या खेळात दाखवला गेला.

मला मात्र रात्रभर झोप लागली नाही ती त्या नियमामुळे. मागे फिरलं तरी आकडा वाढतो! आपल्याकडे मागे फिरणाऱ्या मुलीचा आकडा कधी वाढलाय का हो?

दोन वर्षांपूर्वी करवीर तालुक्यातली एक मुलगी आमच्या मंडळात आली होती. साखरपुडा झालेला. मुलगा दिवसातून चारदा ‘कुठं आहेस, फोटो पाठव’ म्हणायचा. आई म्हणे, "काळजी करतोय गं." मग ही सणाला त्यांच्याकडे जाऊन आली. मोठी सून सगळा वेळ स्वयंपाकघरातच होती. चहा द्यायला आली तेव्हाही तिनं मान वर केली नाही. मुलीला ते खटकलं. पण पत्रिका छापून झाल्या होत्या, हॉल ठरला होता.

खरं सांगते मैत्रिणींनो, मीसुद्धा तिला म्हणाले होते, "थोडं सांभाळून घे, लग्नानंतर बदलतात माणसं." वीस वर्षं समाजकार्य करणारी बाई मी! आठ महिन्यांनी ती माहेरी परत आली ती हात गळ्यात बांधून. पोलिसांत तक्रार, कोर्टाच्या तारखा, सगळं ओळीनं झालं. आता ती लक्ष्मीपुरीत एका दुकानात हिशेब लिहिते.

दुसऱ्या दिवशी दुपारी लेकाला विचारून मी स्वतः खेळायला बसले. तीनपर्यंत पोचले आणि घाईत काहीतरी नजरेतून सुटलं. पाटीवर पुन्हा शून्य. सासूबाई मागून म्हणाल्या, "बघ की जरा नीट, पळतीयास कशाला?"

संध्याकाळी त्या मुलीला फोन लावला. गेमचं काही बोलले नाही. म्हटलं, "त्या दिवशी मी तुला चुकीचं सांगितलं गं."

पलीकडे थोडा वेळ शांतता. मग ती म्हणाली, "काकू, मला ते पहिल्याच दिवशी दिसलं होतं. नुसतं कुणीतरी ‘फीर मागं’ म्हणायला हवं होतं."