नेटिव्ह ग्वावा आणि तांबेऱ्याचे दशक

ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्यालगत, न्यू साउथ वेल्समधील ब्रोकन बेपासून उत्तरेस क्वीन्सलँडच्या आग्नेय भागापर्यंत, पर्जन्यवनांच्या कडांनी वाढणारे ‘नेटिव्ह ग्वावा’ हे झुडूप २०१० पर्यंत संकटग्रस्त मानले जात नव्हते. पेरू, जांभूळ, लवंग आणि निलगिरी ज्या जंबुल कुलात मोडतात, त्याच कुलातील ही जाती १८६७ मध्ये जॉर्ज बेंथम यांनी ऱ्होडोमिर्टस या प्रजातीत समाविष्ट केली. पांढऱ्या ते गुलाबी फुलांचे हे झुडूप अनुकूल जागी लहान वृक्षाएवढे होते आणि मुळांपासून फुटवे काढून दाट जाळी तयार करते. वनाची कड तुटली किंवा मोकळी झाली की तेथे प्रथम येणाऱ्या वनस्पतींपैकी ही एक असल्याने, सतत कोवळी पालवी फुटणे हेच तिचे बळ होते.

पुढील दशकात नेमके हेच बळ तिच्या मुळावर आले. ब्राझीलमध्ये १८८४ साली पेरूवर प्रथम वर्णिलेला आणि आज ऑस्ट्रोपक्सिनिया सिडी या नावाने ओळखला जाणारा तांबेऱ्याचा कवक एप्रिल २०१० मध्ये न्यू साउथ वेल्सच्या मध्य किनारपट्टीवर आढळला. त्याचे निर्मूलन शक्य नसल्याचे त्याच वर्षाच्या अखेरीस मान्य करावे लागले, कारण त्याचे बीजाणू, म्हणजे धुळीसारखे सूक्ष्म प्रजननकण, वाऱ्याबरोबर दूरवर जातात आणि कपड्यांना व अवजारांनाही चिकटतात. हा कवक जून पानांना सहसा बाधत नाही. ओलावा टिकून राहिला की तो कोवळी पाने, शेंडे, कळ्या आणि फळे यांत शिरतो व त्यांवर पिवळ्या भुकटीचे पुंजके उमटतात. शेंडा करपला की झाड साठवलेले अन्न खर्चून नवी पालवी काढते, तीही करपते, आणि अशा आवर्तनांतून पर्णसंभार विरळ होत जाऊन अखेर खोड वाळते. दरम्यान फळे धरत नसल्याने बीही मिळत नाही, तर मुळांतून येणारे फुटवे कोवळे असल्यामुळेच सहज बळी पडतात.

२०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या क्षेत्रपाहणीत तपासलेल्या झाडांपैकी निम्म्याहून अधिक मृत आढळली. न्यू साउथ वेल्सने २०१९ मध्ये या जातीला अतिसंकटग्रस्त ठरवले आणि २०२० मध्ये राष्ट्रीय यादीतही तिची नोंद त्याच वर्गात झाली. एकेकाळच्या सर्वसामान्य झुडपाचा हा प्रवास जेमतेम दहा वर्षांचा असून, त्यात कुऱ्हाड किंवा वणवा हे मुख्य कारण नव्हते, हे लक्षणीय आहे.

अधिवासाभोवती कुंपण घालून किंवा वृक्षतोड थांबवून अशा जातीचे रक्षण होत नाही, कारण जंगल शाबूत असतानाही रोग आत पोहोचतो. म्हणून वन्य झाडांच्या छाटकलमांपासून रोपे तयार करून ती बुरशीनाशकाच्या आश्रयाने वनस्पती उद्यानांत जोपासणे आणि त्यांतून रोगास तोंड देणारे वाण शोधणे, असा मार्ग अवलंबावा लागला. वनातील उभ्या खोडांची गणना जातीच्या सुरक्षिततेची ग्वाही देत नाही; तिची नवी पिढी फुलून फळास येते की नाही, हीच तिची खरी कसोटी असल्याचे या दशकाने दाखवून दिले.