भिंतीवरचे तीन परवाने : कृषी केंद्राचं निलंबन आणि दाद

आजचा विषय कृषी सेवा केंद्राच्या परवान्याचं निलंबन. बुलढाणा जिल्हा सोयाबीन-कपाशीचा, पेरणीचे दिवस मोजके. ऐन जूनमध्ये परवाना निलंबित झाला, तर अपील जिंकेपर्यंत हंगाम निघून गेलेला असतो. म्हणून इथे कलमाइतकंच महत्त्व तारखेला आहे.

समजा, मेहकर तालुक्यातल्या एका दुकानाची तपासणी झाली. ई-पॉस यंत्रावरचा युरियाचा साठा आणि गोदामातल्या गोण्या जुळल्या नाहीत. भावफलकही नव्हता. चार दिवसांनी आदेश आला : आपले सर्व परवाने निलंबित करण्यात येत आहेत. दुकानदार विचारतो, आता काय करू?

आधी भिंतीकडे बघा. तिथे एक नाही, तीन कागद आहेत. बियाण्याचा परवाना 1983 च्या बियाणे नियंत्रण आदेशाखाली. खताचं प्राधिकारपत्र 1985 च्या खत नियंत्रण आदेशाखाली. कीटकनाशकाचा परवाना 1968 च्या कीटकनाशक कायद्याखाली. प्रत्येकाची कारणं वेगळी, मुदत वेगळी. युरियाच्या साठ्यात तफावत निघाली एवढ्यावरच बियाण्याचा परवाना थांबवता येत नाही. बियाण्याबाबतची कोणती तरतूद किंवा अट मोडली, ते आदेशात दिसलं पाहिजे.

दुसरा प्रश्न : बाजू ऐकून घेतली का? बियाणं आणि कीटकनाशक या दोन्हींत निलंबनाआधी म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते. खताच्या आदेशात मात्र अपवाद आहे. आरोप गंभीर असेल, म्हणजे सिद्ध झाल्यास विक्रीलाच बंदी यावी इतका, तर खंड 31 नुसार नोटीस न देता तात्पुरतं निलंबन करता येतं. पण मग आरोपाचा तपशील लगेच द्यायचा, सुनावणी घ्यायची आणि 15 दिवसांत अंतिम आदेश काढायचा. तो निघाला नाही, तर निलंबन आपोआप उठल्याचं मानलं जातं. पुढची कारवाई मात्र होऊ शकते. हे 15 दिवस किती दुकानदार मोजतात?

तिसरी गोष्ट अपिलाची. बियाण्यासाठी आदेशाच्या तारखेपासून 60 दिवस, खतासाठी 30 दिवस. कीटकनाशकाचे 30 दिवस निर्णय कळल्यापासून मोजायचे. गोंधळ नको असेल, तर तिन्ही अपिलं आदेशाच्या तारखेपासून 30 दिवसांच्या आत स्वतंत्रपणे दाखल करा. सोबत स्थगितीचा अर्ज जोडा. पंचनामा, साठा नोंदवही, बिलांच्या प्रती आणि नोटिशीला दिलेल्या उत्तराची पोच जपून ठेवा.

थेट हायकोर्टात जाता येईल का? बुलढाण्यासाठी नागपूर खंडपीठ. अनुच्छेद 226 खाली रिट करता येतं, पण न्यायालय बहुधा पहिल्यांदा विचारतं : अपिलाचा मार्ग होता ना? 1998 च्या व्हर्लपूल निकालात सर्वोच्च न्यायालयाने याचे अपवाद सांगितले. नैसर्गिक न्याय डावलला असेल किंवा अधिकारच नसताना आदेश काढला असेल, तर अपिलाचा मार्ग असूनही रिट ऐकता येतं. आणि 1978 चा मोहिंदर सिंग गिल निकाल सांगतो की आदेश त्यातल्याच कारणांवर तपासायचा. नवी कारणं मागाहून प्रतिज्ञापत्रात घालून तो सावरता येत नाही.

आता तुम्ही म्हणाल, हे सगळं दुकानदाराच्या बाजूचं झालं. ज्याचं सोयाबीन उगवलंच नाही, त्या शेतकऱ्याचं काय? माझं म्हणणं, त्याच्यासाठीच हे जास्त महत्त्वाचं आहे. निकृष्ट माल विकणाऱ्यावर घाईघाईने, कारण न देता काढलेला आदेश पहिल्याच सुनावणीत अडकतो. स्थगिती मिळते, दुसऱ्या दिवशी शटर वर जातं आणि तोच माल पुन्हा विकला जातो. नोटीस नीट दिली, नमुना नियमाप्रमाणे घेतला, कारणं लिहिली, तर तोच आदेश वर टिकतो.

तेव्हा आदेश हातात पडला की त्यावर चार गोष्टी शोधा : कोणता परवाना, कोणतं कलम, कोणतं कारण, कोणती तारीख. दाद मागायची सुरुवात तिथूनच होते.