विज्ञानपटातील वस्तूंचे वय

मागील घटकात आपण पटकथेचे स्वरूप पाहिले. विज्ञानकथेचा लेखक ‘यानाचे दार उघडले’ एवढे लिहून पुढे जाऊ शकतो. दार सरकते की वर उचलले जाते, त्याची कळ कोठे आहे, हे तो वाचकाच्या कल्पनेवर सोपवतो. चित्रपटाला ही सवलत नाही. कॅमेऱ्यासमोर एक ठरावीक दार उभे करावेच लागते. ते उभे करतो कलाविभाग. प्रॉडक्शन डिझायनर हा त्याचा प्रमुख. त्याच्यासोबत कलादिग्दर्शक, रेखाचित्रकार, सुतार, रंगारी आणि प्रॉपर्टी सांभाळणारे काम करतात.

ऐतिहासिक चित्रपटात जुने वाडे, शस्त्रे, चित्रे यांचा आधार घेता येतो. भविष्यकाळाचा असा कोणताही नमुना उपलब्ध नसतो. मग प्रेक्षकाचा विश्वास कशावर बसतो?

स्टॅन्ली कुब्रिक यांच्या ‘२००१ : अ स्पेस ओडिसी’ (१९६८) या चित्रपटाने अचूकतेवर भर दिला. अवकाशयानाच्या अंतर्भागासाठी सुमारे ३८ फूट व्यासाचे, खरोखर फिरणारे चाक बांधण्यात आले. चाक फिरत असताना नट तळाशीच चालत राही. कॅमेरा चाकाला जखडलेला असला की तो भिंतीवरून वर चढत गेल्याचा भास होई. ही रचना आजही थक्क करते. मात्र तेथील शुभ्र दालनांत कोणी राहत असेल असे फारसे वाटत नाही, हेही नमूद केले पाहिजे.

‘स्टार वॉर्स’ (१९७७) मध्ये वेगळी वाट चोखाळली गेली. दिग्दर्शक जॉर्ज लुकास यांना वापरून जुने झालेले विश्व हवे होते. पैसा बेताचा होता. सेटच्या सजावटीची जबाबदारी असलेल्या रॉजर ख्रिश्चन यांनी विमानांचे भंगार स्वस्तात विकत घेतले, त्याचे सुटे भाग वेगळे केले आणि ते यानाच्या भिंतींवर बसवले. नायकाच्या प्रकाश-तलवारीची मूठ म्हणजे जुन्या प्रेस कॅमेऱ्याच्या फ्लॅशचा दांडा होता. हे भाग मुळात कोणत्या तरी कामासाठी घडवलेले असल्याने ‘याचा काही उपयोग असणार’ असे प्रेक्षकाला न सांगताच पटते. काटकसरीतून शैली जन्माला आली. या कामासाठी जॉन बॅरी, नॉर्मन रेनॉल्ड्स, लेस्ली डिली आणि ख्रिश्चन यांना ऑस्कर मिळाले.

पुढे ‘एलियन’ (१९७९) मध्ये हे तत्त्व कथानकाशीच जोडले गेले. तेथील ‘नॉस्ट्रोमो’ हे मालवाहू यान आहे आणि त्यावरील माणसे पगारासाठी राबणारी आहेत. म्हणून रॉन कॉब यांनी एखाद्या कारखान्यात शोभतील अशा सूचना-चिन्हांची मालिकाच यानासाठी रेखाटली. परग्रहवासी जीव आणि त्याचे जग मात्र एच. आर. गीगर यांच्याकडे सोपवले गेले. हाडे आणि यंत्र एकजीव झाल्यासारखी त्यांची शैली कॉब यांच्या व्यवहारी रेषेपासून पूर्णपणे भिन्न होती. मानवी आणि अमानवी यांतील दरी येथे संवादापेक्षा या दोन हातांनी अधिक दाखवली आहे.

‘वस्तू जुनी करणे’ हे रंगाऱ्याचे काम वाटते तितके सोपे नाही. सर्वत्र सारखी धूळ फासली की सेट खोटा दिसतो. हात जेथे वारंवार लागतो तेथील रंग झिजतो, तेल सांधाशी साचते, बूट दाराच्या खालच्या कडेला घासतात. म्हणजे रंगाऱ्याला आधी ठरवावे लागते की येथे कोण राहते आणि काय करते. व्यक्तिचित्रण करणाऱ्या लेखकापुढेही हाच प्रश्न असतो.

कृती : आपल्या घरातील रोजच्या वापरातील एखादी वस्तू निवडा. तिच्यावरील झीज, डाग आणि डागडुजी यांची नोंद करा. त्या नोंदींच्या आधारे, वस्तूच्या मालकाचे नाव किंवा व्यवसाय न सांगता, त्याचे दहा ओळींत वर्णन लिहा.