आदल्या रात्रीचा पेला

मी शायर माणूस, मराठीत गझल लिहितो. त्यामुळे साकी, मैखाना, पैमाना हे शब्द माझ्या वहीत हवे तेवढे सापडतील. घरात मात्र सरबताच्या पलीकडं काही सापडायचं नाही. हे आधीच सांगून टाकतो. न पिणारा माणूस दारूवर बोलायला लागला, की आता हा उपदेश करणार म्हणून लोक मान फिरवतात. तसा माझा काही बेत नाही. गेल्या वर्षी एका पोराबरोबर डोळ्यांच्या दवाखान्यात चार फेऱ्या झाल्या. तिथं डॉक्टरांकडून जे समजलं आणि पुढं वाचून जे पक्कं केलं, तेवढंच सांगायचं आहे.

पोरगा माझ्या वर्गमित्राचा. घर दिंडोरी तालुक्यातलं, द्राक्षबागाईतदारांचं. नोकरी गंगापूर धरणाच्या अंगाला एका वायनरीत. २००० साली नाशिकची पहिली सुला वाइन बाजारात आली, २००१ साली सरकारनं द्राक्षप्रक्रियेचं धोरण आणलं, आणि बघता बघता आपल्याकडं 'टेस्टिंग रूम' नावाची जागा तयार झाली. शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याचे पाहुणे येतात, त्यांना पाच-सहा प्रकारच्या वाइन थोड्या थोड्या ओतून द्यायच्या आणि चव कशी ओळखायची ते सांगायचं, हे त्याचं काम. चष्मा दोन्ही डोळ्यांना उणे चारचा. तो म्हणायचा, "चाचा, ग्लासात नाक घालून वास घ्यायचा, तर नाकाच्या आधी चष्माच ग्लासाला टेकतो." म्हणून लेसर करायचं ठरलं.

दवाखान्यात एक फॉर्म असतो. मधुमेह आहे का, औषधं कोणती चालू आहेत, आणि मग एक रकाना : मद्यपान करता का, असल्यास किती? पोराच्या शेजारी त्याची आई, म्हणजे आमच्या वहिनी बसलेल्या. त्यांच्या समजुतीप्रमाणं मुलगा द्राक्षाच्या रसाच्या कंपनीत होता. पोरानं 'नाही'वर खूण केली.

मग तपासणी झाली. डोळ्यात नारिंगी रंगाचा थेंब घालतात, निळ्या उजेडात पाहतात आणि पापणी न मिटता अश्रूंचा थर किती सेकंद टिकतो ते मोजतात. दहा सेकंदांच्या आत थर फाटू लागला तर डोळा कोरडा पडतोय असा संशय घेतात. याचा पाचातच फाटला. संगणकावर जास्त बसता का? कॉन्टॅक्ट लेन्स वापरता का? झोपेची, सर्दीची औषधं घेता का? सगळ्याला नाही. बाहेर आल्यावर पोरानं मला खांबाआड ओढलं. "चाचा, टेस्टिंग म्हणजे पिणं धरायचं का?"

हा प्रश्न वाटतो तेवढा बावळट नाही. तो समजायला लेसर नेमकं काय करतो ते पाहावं लागेल.

बुबुळावर घड्याळाच्या काचेसारखा पारदर्शक पडदा असतो. डॉक्टर त्याला कॉर्निया म्हणतात. जाडी सुमारे अर्धा मिलिमीटर. लेसर या काचेला नवा बाक देतो. लॅसिकमध्ये आधी वरचा पातळ पापुद्रा कापून पुस्तकाच्या पानासारखा बाजूला उलटतात, खालचा भाग लेसरनं तासतात आणि पान पुन्हा जागेवर ठेवतात. टाका नाही, इंजेक्शन नाही, नुसते बधिर करणारे थेंब. उणे चारच्या नंबरासाठी जेवढा भाग तासतात, तो आपल्या डोक्याच्या केसाच्या जाडीपेक्षाही कमी भरतो. इतकं बारीक काम करणारा हा एक्सायमर लेसर शरीराच्या पेशींवर चालतो, हे १९८१ साली अमेरिकेत तिघा शास्त्रज्ञांनी दाखवलं. त्यातले एक रंगस्वामी श्रीनिवासन आपल्या मद्रासचे. सणाच्या जेवणात उरलेलं टर्कीचं मांस त्यांनी दुसऱ्या दिवशी प्रयोगशाळेत नेलं आणि त्यावर लेसर मारला. आजूबाजूचा भाग न करपता स्वच्छ खाच पडली. उरलेल्या मटणाचा इतका चांगला उपयोग आमच्या घरात कधी झाला नाही.

आता केसाच्या जाडीचा हिशेब असेल, तर मापं चोख हवीत. ती मापं यंत्र अश्रूंच्या थरावरून घेतं. थर फाटका असेल तर माप चुकण्याची शक्यता वाढते. कॉर्निया कोरडा पडला असेल, तर लेसर ठरल्यापेक्षा किंचित जास्त तासू शकतो. दारूचा संबंध इथं येतो. शरीरातलं पाणी राखून ठेवा, असा मूत्रपिंडांना निरोप देणारं एक संप्रेरक असतं. दारू ते दाबून टाकते. म्हणून पिणारा सारखा लघवीला उठतो आणि सकाळी घसा कोरडा घेऊन जागा होतो. घसा कोरडा पडलेला कळतो, डोळा कोरडा पडलेला कळत नाही. शिवाय प्यालेली दारू थोडी अश्रूंतही उतरते. तिथं ती सापडली आहे, आणि त्या वेळी अश्रूंचा थर लवकर फाटतो हेही दिसलं आहे.

म्हणून शस्त्रक्रियेच्या आधी निदान २४ तास आणि शक्यतो ४८ तास दारू नको, असं बहुतेक डॉक्टर सांगतात. मापं घेण्याच्या तपासणीआधीही हाच नियम पाळलेला बरा. दुसरं कारण जास्त गंभीर आहे. शस्त्रक्रियेआधी भीती कमी करायला कधी कधी शामक गोळी देतात. पोटात आधीच पेग असला आणि वर ती गोळी गेली, तर दोन्ही मिळून मेंदूला आणि श्वासाला मंद करतात. शिवाय रोग्यानं जागं राहून समोरच्या दिव्याकडं बघत राहायचं असतं. "धीर यावा म्हणून थोडी घेतली" असं म्हणणाऱ्याला डॉक्टर परत पाठवतात, आणि ते बरोबरच आहे.

किती म्हणजे थोडी, यातही आपला हिशेब कच्चा असतो. ६० मिलिलिटरच्या मोठ्या पेगात साधारण २० ग्रॅम शुद्ध अल्कोहोल असतं. दीडशे मिलिलिटर वाइनमध्ये सुमारे १४. आणि "मी काय, फक्त बिअर घेतो" म्हणणाऱ्याच्या आठ टक्क्यांच्या स्ट्राँग बिअरच्या ६५० मिलिलिटरच्या एका बाटलीत ४१ ग्रॅम, म्हणजे दोन मोठे पेग! शरीर तासाला साधारण सात ते दहा ग्रॅमच निकालात काढतं. काळी कॉफी किंवा लिंबूपाणी घेऊन हा वेग वाढत नाही.

एक गोष्ट माझ्यासारख्यालाही लागू होती. शस्त्रक्रियेच्या दिवशी सेंट, आफ्टरशेव्ह, अत्तर काही लावून यायचं नाही. अल्कोहोलची आणि सुगंधाची वाफ लेसरच्या किरणांच्या वाटेत आली, तर त्यांची ताकद बदलू शकते. सोबत येणाऱ्यांनीही नाही. मी शुक्रवारचा कानातला अत्तराचा फाया काढून, कान धुऊन गेलो. आणि गंमत बघा, लेसरच्याच एका पद्धतीत पापुद्रा कापत नाहीत. वरची नाजूक साल सैल करायला पाणी घातलेलं, साधारण वीस टक्क्यांचं अल्कोहोल वीस-तीस सेकंद थेट बुबुळावर ठेवतात आणि धुऊन टाकतात. डॉक्टरांनी हे सांगितल्यावर पोरगा माझ्याकडं बघून हसला.

शस्त्रक्रियेनंतरचं पथ्य जास्त मोडलं जातं, कारण दुसऱ्या दिवशी स्वच्छ दिसू लागतं आणि मित्र पार्टी मागतात. पण ते उलटलेलं पान नुसतं चिकटलेलं असतं. कडा वरून एक-दोन दिवसांत भरून येतात, आतली पकड मात्र पहिल्यासारखी कधीच होत नाही. पहिल्या दिवसांत डोळा चोळला तर पान सरकू शकतं. प्यालेला माणूस डोळा चोळतो, झोपताना डोळ्यावरचं कवच लावायला विसरतो, थेंबांची वेळ चुकवतो, अडखळून पडतो. त्यात बारमधला धूर आणि एसीचा वारा. आणि चकण्याचे तिखट-मिठाचे शेंगदाणे खाल्लेली बोटं! (चकणा या शब्दाचा मराठीतला दुसरा अर्थ इथं आठवल्याशिवाय राहत नाही.) म्हणून निदान पहिले दोन दिवस अजिबात नाही. पुष्कळ डॉक्टर आठवडा सांगतात. साल काढण्याच्या पद्धतीत जखम उघडी असते आणि वेदनाशामक गोळ्याही चालू असतात, तिथं थांबणं आणखी लांबतं. तुमच्या डॉक्टरांनी दिलेला आकडा हाच तुमचा आकडा. कॉर्नियातल्या बारीक नसा कापल्या गेल्यानं डोळ्यांचा कोरडेपणा काही महिने राहू शकतो. तेवढ्या काळात कधी घेतलीच, तर बेतानं, आणि बरोबर भरपूर पाणी. डोळा पूर्ण भरला की लेसर झाला म्हणून दारूवर वेगळी बंदी राहत नाही.

हे सगळं अधूनमधून घेणाऱ्यांसाठी. रोज पिणाऱ्याची गोष्ट निराळी, आणि फॉर्मवर खोटं लिहिणं त्यालाच सगळ्यात महाग पडतं. वर्षानुवर्षं भरपूर पिऊन खाण्याची आबाळ झाली, यकृत बिघडलं, की जीवनसत्त्व 'अ' कमी पडतं आणि कॉर्निया नीट भरून येत नाही. अशा माणसानं लेसरसाठी म्हणून एका रात्रीत सोडायचं ठरवलं, तर हात थरथरणं, दरदरून घाम, अगदी झटकेही येऊ शकतात. त्यानं आधी डॉक्टरांना सांगायचं आणि त्यांच्या देखरेखीखाली सोडायची. तारीख पुढं गेली तर जाऊ दे.

खांबाआडच्या प्रश्नाला मी म्हटलं, "थुंकतोस की गिळतोस?"

"सकाळी थुंकतो. संध्याकाळपर्यंत गिळायला लागतो."

"मग आत जा आणि हेच सांग."

तो एकटाच आत गेला. मी वहिनींना चहाला घेऊन गेलो. डॉक्टरांनी रागावणं वगैरे काही केलं नाही. रकाना दुरुस्त केला, कृत्रिम अश्रूंचे थेंब लिहून दिले आणि तीन आठवड्यांनी पुन्हा मापं घ्यायचं ठरवलं. त्या तीन आठवड्यांत पोरानं टेस्टिंग सोडून पाहुण्यांना बागा दाखवायचं काम मागून घेतलं. पुढच्या तपासणीत थर अकरा सेकंद टिकला. मग शस्त्रक्रिया झाली.

घरी सोडताना डॉक्टरांनी वहिनींसमोरच सांगितलं : डोळा चोळायचा नाही, डोक्यावरून आंघोळ नाही, थेंब दिवसातून चार वेळा, दारू आठवडाभर नाही. शेवटच्या वाक्यावर पोरानं जमिनीकडं पाहिलं. वहिनींनी सगळं नीट ऐकून घेतलं आणि विचारलं, "डॉक्टर, द्राक्षं खाल्ली तर चालतील ना?"

"चालतील," डॉक्टर म्हणाले. "धुऊन."