गोरेपणाची डबी आणि दुकानदाराची पत

गेल्या लग्नसराईत भोकरच्या बाजारपेठेत आम्ही एका कटलरीच्या दुकानात बसलो होतो. दुकान जुने, वडिलांच्या वेळेपासूनचे. समोर बांगड्या, रिबिनी, मेंदीचे कोन, अत्तराच्या कुप्या. खेड्यावरून आलेल्या दोन बायकांनी बांगड्या भरल्या आणि मग आवाज जरा खाली आणून विचारले, "भाई, ती आठ दिवसांत रंग उजळवणारी क्रीम आहे का? मुलीचे लग्न आहे." दुकानदाराने गल्ल्याखालून एक पांढरी डबी काढली. डबीवर एका गोऱ्यापान बाईचे चित्र होते. कारखान्याचे नाव नव्हते, पत्ता नव्हता, तारीखही नव्हती.

बायका गेल्यावर आम्ही विचारले, "हा माल येतो कुठून?" ते म्हणाले, "एक फिरता एजंट आणून देतो. बिल देत नाही. पण बांगड्यांत सुटत नाही तेवढे यात सुटते. मी ठेवली नाही तर गिऱ्हाईक पुढच्या दुकानात जाईल."

उत्तर प्रामाणिक होते. ज्याच्या घरी चूल पेटायची आहे त्याला उपदेश करून भागत नाही, त्याच्यापुढे हिशेब मांडावा लागतो. म्हणून या डबीत नफा किती आणि जोखीम किती, याचा हिशेब आज आम्ही मांडत आहोत.

धंदा वाढतो आहे

चाकू न लावता, टाके न घालता रूप खुलविण्याचा व्यवसाय जगभर वाढला आहे. सौंदर्यशल्यचिकित्सकांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने २०२३ सालची आकडेवारी प्रसिद्ध केली, तीत शस्त्रक्रियेविना केलेले उपचार १ कोटी ९१ लाखांच्या घरात आहेत, तर प्रत्यक्ष शस्त्रक्रिया १ कोटी ५८ लाख. आपल्या देशात 'फेअर अँड लव्हली' १९७५ मध्ये बाजारात आली. १९९४ साली सुश्मिता सेन आणि ऐश्वर्या राय यांनी जागतिक किताब जिंकले आणि त्यानंतर ब्युटी पार्लर हा शब्द तालुक्याच्या गावापर्यंत पोचला. आज भोकरसारख्या गावातही घराच्या पुढच्या खोलीत पार्लर चालते. सलूनमध्ये दाढी-कटिंगबरोबर फेशियल होते, केसांना रंग लागतो. लेझर आणि इंजेक्शनचे उपचार घ्यायला लोक नांदेड, लातूर, हैदराबाद गाठतात.

या धंद्याशी आपल्या लोकांचा संबंध जुना आहे. मनियारी, अत्तर, सुरमा, मेंदी, हजामत ही सगळी याच झाडाची फळे. शिक्षण अर्धवट सुटलेल्या मुलीला किंवा घरची जबाबदारी अंगावर पडलेल्या बाईला उंबऱ्याच्या आत राहून चार पैसे मिळवून देणारा यापेक्षा सोपा उद्योग दुसरा क्वचितच असेल. तेव्हा आम्ही या धंद्याच्या विरोधात मुळीच नाही. तो टिकावा, एवढ्यासाठीच हे लिहीत आहोत.

अकोल्यात काय झाले?

नांदेडहून पूर्णा, हिंगोली, वाशीम करीत रेल्वे अकोल्याला जाते. म्हणजे अकोला आपल्याला परके नाही. त्या शहरातील एकाच घरातल्या तिघींच्या मूत्रपिंडांना सूज आली. एकाच वेळी एकाच घरात तिघींना असा आजार का व्हावा, हे डॉक्टरांना उलगडेना. तपास मुंबईच्या केईएम रुग्णालयापर्यंत गेला. अखेर धागा सापडला तो एका क्रीममध्ये. स्थानिक ब्युटिशियनकडून घेतलेली ही क्रीम तिघीही लावत होत्या. तपासणीत तीत पाऱ्याचे प्रमाण मर्यादेच्या कैक पटींनी जास्त निघाले. २०२३ साली ही हकिकत वर्तमानपत्रांत आली.

ही एकटीदुकटी घटना म्हणून सोडून देता येत नाही. केरळातील कोट्टक्कल येथील डॉक्टरांनी जुलै २०२१ ते सप्टेंबर २०२३ या काळात एका विशिष्ट मूत्रपिंडविकाराचे २२ रुग्ण नोंदविले. त्यांपैकी १५ जणांत त्या विकाराचा एक दुर्मीळ प्रकार आढळला, आणि त्या १५ पैकी १३ जणांनी गोरेपणाची क्रीम वापरत असल्याचे सांगितले.

सोनाराला विचारा

पारा काय करतो हे कोणत्याही सोनाराला विचारावे. पाऱ्याचा थेंब सोन्याला लागला की तो सोन्यात शिरतो आणि दागिना पांढरा पडतो. काही परदेशी क्रीमच्या वेष्टनावर 'सोने, चांदी, ॲल्युमिनियम यांना लागू देऊ नये' अशी सूचना असते. ती दिसली की आत पारा असण्याचा संशय घ्यावा. घटकांच्या यादीत कॅलोमेल, मर्क्युरिक, मर्क्युरस असे शब्द असतील तर संशयही उरत नाही. मात्र ज्या डबीवर यादीच नाही, तिच्याबद्दल काय सांगणार?

आपल्या कातडीत रंग तयार करणारे एक द्रव्य असते. पारा त्याचे काम बंद पाडतो. म्हणून आठ-दहा दिवसांत चेहरा उजळलेला दिसतो आणि गिऱ्हाईक खूश होते. क्रीम बंद केली की रंग परत येतो, पुष्कळदा आधीपेक्षा गडद. मग गिऱ्हाईक दुसरी डबी घ्यायला येते. दुकानदाराला वाटते माल चांगला, म्हणून मागणी आहे. तिकडे पारा कातडीतून रक्तात आणि रक्तातून मूत्रपिंडात उतरत असतो. ज्या हातांनी क्रीम लावली त्याच हातांनी आई बाळाला घेते, त्याच टॉवेलला घरातले सगळे तोंड पुसतात. म्हणजे डबी एकीने घेतली तरी विष घरभर वाटले जाते.

पाऱ्यानंतर दुसरा धोका स्टेरॉइडचा. बीटामेथासोन, क्लोबेटासोल, मोमेटासोन ही खरी औषधे आहेत. कातडीच्या ठरावीक आजारात डॉक्टर ती थोड्या दिवसांसाठी देतात. रोज गोरेपणासाठी लावली तर कातडी पातळ होते, चेहरा लाल पडतो, पुरळ येते, बायकांच्या गालावर लव वाढते, आणि क्रीम थांबवली की आग होते. त्वचारोगतज्ज्ञांच्या तक्रारींनंतर २०१८ साली केंद्र सरकारने अशा १४ स्टेरॉइडयुक्त मलमांना डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकण्यास मनाई केली. जनरल स्टोअर्समध्ये त्यांना जागा नाही.

केस आणि सुई

केस सरळ करण्याच्या उपचाराला सध्या मोठी मागणी आहे. २०२४ साली अमेरिकेतील एका नामांकित वैद्यकीय नियतकालिकात २६ वर्षांच्या एका तरुणीची हकिकत छापून आली. २०२० ते २०२२ या काळात ट्युनिशियातील एकाच सलूनमध्ये तिने तीन वेळा केस सरळ करून घेतले आणि तिन्ही वेळा तिच्या मूत्रपिंडांना इजा झाली. त्या क्रीममध्ये १० टक्के ग्लायॉक्सिलिक आम्ल होते. दुसऱ्या काही क्रीममध्ये फॉर्मॅल्डिहाइड असते. गरम इस्त्री फिरवली की त्याची वाफ होते. ही वाफ कर्करोगाला कारण ठरते, हे जागतिक संशोधनातून सिद्ध झालेले आहे. गिऱ्हाईक ती वाफ वर्षातून एकदा घेते, पार्लर चालवणारी आपली भगिनी ती रोज घेते. खोलीला खिडकी हवी, एवढी साधी गोष्ट तिच्या आयुष्याशी निगडित आहे.

सुईची गोष्ट याहून गंभीर. अमेरिकेतील न्यू मेक्सिको राज्यात एका स्पामध्ये रक्त काढून तेच चेहऱ्यावर सुयांनी टोचण्याचा उपचार होत असे. तेथे गेलेल्या गिऱ्हाइकांपैकी तिघींना त्यातून एचआयव्हीची लागण झाल्याचा निष्कर्ष तेथील सरकारी आरोग्यसंस्थेने २०२४ मध्ये प्रसिद्ध केला. २०१८ साली चौकशी झाली तेव्हा त्या स्पाजवळ परवाना नव्हता, आणि एकदाच वापरायची साधने पुन्हा वापरली जात असल्याच्या खुणा आढळल्या. अमेरिकेत हे होऊ शकते तर आपल्याकडे होणार नाही, अशा समजुतीत राहू नये. बोटॉक्स, ग्लुटाथायोन किंवा दुसरे कोणतेही इंजेक्शन, तसेच लेझर, हे पार्लरचे काम नव्हे. ते नोंदणीकृत डॉक्टरचे काम आहे. चार दिवसांच्या शिबिराचे प्रमाणपत्र भिंतीवर लावून सुई हातात घेता येत नाही.

कायदा कोणाला धरतो?

आता दुकानदाराच्या कामाची गोष्ट. सौंदर्यप्रसाधने विकण्यासाठी वेगळा परवाना लागत नाही, म्हणून अनेकांना वाटते की जबाबदारीही नाही. तसे नाही. १९४० च्या औषधे व सौंदर्यप्रसाधने कायद्यानुसार परवान्याशिवाय क्रीम बनवून विकणे हा गुन्हा आहे. घरी मिसळून डबीत भरणेही त्यातच येते. २०२० च्या नियमांनी डोळ्यांभोवतीची प्रसाधने वगळता इतर मालात पाऱ्याची मर्यादा दहा लाखांत एक भाग एवढीच ठेवली आहे, आणि तीही नकळत आलेल्या पाऱ्यासाठी. पाऱ्यासंबंधीच्या मिनामाता करारात भारत २०१८ पासून सामील आहे. त्या कराराच्या २०२३ च्या बैठकीत पारा घातलेली सौंदर्यप्रसाधने २०२५ पर्यंत पूर्ण बंद करण्याचे ठरले.

माल कोणाकडून घेतला हे निरीक्षकाने विचारले तर सांगणे विक्रेत्यावर बंधनकारक आहे. ज्याने परवानाधारक उत्पादकाकडून किंवा व्यापाऱ्याकडून माल घेतला, नीट ठेवला, जसा आला तसाच विकला आणि ज्याला दोष कळणे शक्य नव्हते, त्या विक्रेत्याला कायदा संरक्षण देतो. पण हे सिद्ध कशाने करणार? पक्क्या बिलाने. उलट २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याप्रमाणे ज्या मालाचा उत्पादकच कोण ते कळत नाही, त्या मालाची भरपाई विकणाऱ्याकडून मागता येते. म्हणजे बिननावाच्या डबीचा कारखानदार कायद्याच्या नजरेत आपला दुकानदारच ठरतो. डबीमागे पन्नास-शंभर रुपये सुटले, आणि एका मूत्रपिंडाच्या आजाराचा दावा अंगावर आला, तर वडिलांनी उभे केलेले दुकानही पुरणार नाही.

एवढे करावे

दुकानदारांनी डबी घेताना पाच गोष्टी पाहाव्यात: उत्पादकाचे नाव व पूर्ण पत्ता, परवाना क्रमांक, बॅच क्रमांक, वापराची मुदत आणि घटकांची यादी. परदेशी माल असेल तर आयात करणाऱ्याचे नाव आणि नोंदणी क्रमांकही हवा. यातले एकही नसेल तर माल परत करावा. बिल मागावे आणि ते जपून ठेवावे.

मेंदी काढणाऱ्या भगिनींनी ध्यानात ठेवावे की शुद्ध मेंदीचा रंग नारिंगीपासून तपकिरी-लालपर्यंत जातो आणि चढायला काही तास लागतात. अर्ध्या तासात काळीभोर होणाऱ्या मेंदीत केस रंगवण्याचे रसायन असते. नवरीच्या हातावर फोड आले तर तो दिवस ती जन्मभर विसरणार नाही, आणि मेंदी कोणी काढली तेही विसरणार नाही. केसांना रंग लावण्याआधी कानामागे थोडा लावून दोन दिवस थांबण्याची सवय ठेवावी.

सलूनवाल्यांनी प्रत्येक गिऱ्हाइकाला नवे ब्लेड आणि धुतलेला टॉवेल द्यावा, आणि ब्लेड त्याच्यासमोर फोडावे. कावीळ बी, कावीळ सी आणि एचआयव्ही रक्तातूनही पसरतात. खर्च एका ब्लेडचा, पण गिऱ्हाईक पुन्हा येते ते त्याच विश्वासाने.

ज्यांना धंदा वाढवायचा आहे त्यांनी रीतसर शिकावे. शासकीय औद्योगिक प्रशिक्षण संस्थांच्या अभ्यासक्रमांत कॉस्मेटॉलॉजीचा एक वर्षाचा कोर्स आहे. जवळच्या कोणत्या संस्थेत तो चालतो, याची चौकशी करावी. २०२३ साली सुरू झालेल्या पंतप्रधान विश्वकर्मा योजनेत १८ पारंपरिक व्यवसाय घेतले आहेत, त्यांत केशकर्तनही आहे. प्रशिक्षण, अवजारांसाठी १५ हजार रुपयांपर्यंत मदत आणि सवलतीच्या व्याजाने कर्ज अशी ती योजना आहे. आपल्या हज्जाम बांधवांपैकी किती जणांनी तिची चौकशी केली?

निघताना आम्ही त्या दुकानदारांना एवढेच विचारले, "ही डबी तुम्ही स्वतःच्या मुलीला लावायला द्याल का?" ते काही वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, "घरात तर मी येऊच देत नाही."

व्यापारी बांधवांनो, या उत्तरातच सगळा हिशेब आला. जो माल आपल्या उंबऱ्याच्या आत चालत नाही, तो काउंटरवर कसा चालेल? गिऱ्हाईक 'भाई' म्हणून हाक मारते ते आपल्या शब्दावर भरवसा ठेवून. पांढऱ्या डबीचा एजंट उद्या दिसणार नाही. बांगड्या भरायला येणाऱ्या बायका मात्र पुढच्या लग्नसराईतही याच दुकानात येणार आहेत, आणि त्यांच्या मुलीही.