दहावीचं पोर सकाळी उठत का नाही?

दहावीतला मुलगा रात्री बारापर्यंत टक्क जागा असतो आणि सकाळी चार हाका मारल्या तरी पांघरूण सोडत नाही. घरात याला आळस म्हणतात, नाहीतर मोबाइलचं वेड. मोबाइलचा वाटा आहेच, पण मूळ कारण मेंदूत आहे.

डोळ्यांकडून येणाऱ्या नसा जिथे एकमेकींना छेदतात, त्याच्या जरा वर सुमारे २० हजार पेशींचा एक पुंजका असतो. हे शरीराचं घड्याळ. अंधार पडला की त्याच्या हुकमाने पिनिअल ग्रंथी मेलाटोनिन सोडते आणि शरीर झोपेच्या तयारीला लागतं. वयात येताना ही वेळ तास-दोन तास पुढे सरकते. ब्राउन विद्यापीठाच्या मेरी कार्स्केडन यांनी १९९०च्या दशकात याचा संबंध थेट वयात येण्याशी जोडून दाखवला. शिवाय दिवसभराच्या जागरणाने मेंदूवर झोपेचा जो दाब चढतो, तोही या वयात सावकाश चढतो. म्हणून नऊ वाजता धाकटा पेंगतो आणि थोरला ताजातवाना असतो.

या वयाला ८ ते १० तास झोप लागते. साडेअकराला झोपून साडेपाचला उठलं, तर सहाच तास मिळतात. रागालोभाला आवर घालणारा कपाळामागचा भाग पंचविशीपर्यंत पक्का होत असतो; अपुऱ्या झोपेचा फटका आधी त्यालाच बसतो. सकाळची आदळआपट बरीचशी तिथून येते.

महाराष्ट्र सरकारने फेब्रुवारी २०२४ मध्ये चौथीपर्यंतचे वर्ग सकाळी ९ किंवा त्यानंतर भरवायला सांगितलं. चांगलंच झालं, पण घड्याळ पुढे सरकतं ते चौथीनंतर. दोन सत्रांच्या शाळेत लहानांना दुपार दिली, तर मोठ्यांच्या वाट्याला सकाळच उरते. वर्गखोल्या कमी, ही अडचण खरी आहे. ‘शाळा उशिरा भरली तर मुलं आणखी जागतील’ हा आक्षेप मात्र टिकत नाही. सिएटलने २०१६ मध्ये माध्यमिक शाळांची वेळ ७.५० वरून ८.४५ केली, तेव्हा मुलांची झोप रोज सुमारे ३४ मिनिटांनी वाढली.

घरी करण्यासारखंही आहे. सकाळचं ऊन अंगावर घेतलं की घड्याळ मागे येतं. रात्रीचा झगझगीत उजेड ते पुढे ढकलतो. रविवारी दुपारपर्यंत झोपू दिलं, तर सोमवार आणखी जड जातो.

पुढच्या पालकसभेत आठवी ते दहावीच्या वेळेचा विषय जरूर काढा.