सारा स्वीकारणे ही मेहरबानी नव्हे

मन आणि म्हैस नद्यांच्या संगमावरचे बाळापूर मोगलांच्या वऱ्हाड सुभ्यातला महत्त्वाचा परगणा होते. इथल्या शेतसाऱ्याचा इतिहास पाहिला तर भरणाऱ्यावरचा धाक पानोपानी दिसतो, घेणाऱ्याचे कर्तव्य मात्र क्वचितच ठळक होते. निजामी अमलात वसुलीचा मक्ता दिला जाई आणि मक्तेदार मुदतीत जेवढे निघेल तेवढे काढून घेई. 1853 च्या तहाने वऱ्हाड ईस्ट इंडिया कंपनीकडे आले. 1860 च्या दशकात मुंबई पद्धतीची रयतवारी मोजणी सुरू झाली आणि प्रत्येक सर्व्हे नंबरावर आकार ठरला. ठरलेला आकार भरत राहील तोवर जमीन खातेदाराकडे वंशपरंपरेने राहील, हा या व्यवस्थेचा पाया. म्हणजे सारा हे ओझे होते, तसा हक्काचा आधारही होता. हक्क भरण्यावर अवलंबून असेल, तर भरणा स्वीकारणारा माणूस तो नाकारण्यास मोकळा राहू शकत नाही.

पुढे वऱ्हाड मध्य प्रांतातून मध्य प्रदेशात, 1956 मध्ये द्विभाषिक मुंबई राज्यात आणि 1960 मध्ये महाराष्ट्रात आले. पाटलाची वतनदारी गेली, पटवाऱ्याच्या दप्तराशी तलाठी बसला. 1966 च्या महाराष्ट्र जमीन महसूल संहितेने मात्र जुना धागा तोडला नाही. कलम 72 प्रमाणे थकलेला महसूल हा जमिनीवरचा सर्वांत आधीचा बोजा आहे आणि तो न भरल्यास जमीन सरकारजमा होऊ शकते. अशा ‘आकारी पड’ जमिनी मूळ खातेदारांना वा वारसांना परत करण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने जानेवारी 2025 मध्ये घेतला, यावरून थकबाकीची किंमत किती पिढ्या मोजतात ते कळते. म्हणून नोंदीतला खातेदार पैसे घेऊन आला असता त्याला परत पाठवणे म्हणजे कार्यालयानेच थकबाकीदार तयार करणे होय. केरळातल्या कोझिकोड जिल्ह्यात 2017 मध्ये जमिनीचा कर स्वीकारला जात नाही म्हणून हताश झालेल्या शेतकऱ्याने गाव कार्यालयातच जीव दिला. एका नकाराचे ओझे एवढे असू शकते.

यावर आक्षेप असा की, वादातल्या जमिनीचा सारा घेतला तर पावती दाखवून भलताच माणूस मालकी सांगेल. ही भीती निराधार नाही, पण तिचे उत्तर नकारात नाही. महसुली नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि संपतही नाही, नोंद केवळ सारा भरण्यापुरती असते, असे सर्वोच्च न्यायालयाने 1996 मध्ये स्पष्ट केले. मालकीचा निवाडा दिवाणी न्यायालयाचा. सुनावणी न घेता सारा नाकारणारा अधिकारी मात्र तोच निवाडा परस्पर देऊन बसतो. सरकारी जमिनीवर अतिक्रमण असेल तर त्यासाठी संहितेत कलम 50 वेगळे आहे. रक्कम किरकोळ आहे, एवढ्यासाठी कशाला धावपळ, असेही म्हटले जाते. पण सरकारजमा होते ती अख्खी जमीन.

तेव्हा नोंदीतल्या खातेदाराचा सारा घ्यावा, पावती द्यावी, वाद असल्यास तसा शेरा मारावा. नकारच द्यायचा असेल तर कारण लेखी द्यावे. बाळापूरच्या खातेदारानेही तोंडी नकारावर परत न फिरता तहसीलदारांकडे लेखी अर्ज द्यावा आणि त्याची पोच घ्यावी.